हिंदकेसरीनंतरची पन्नास वर्षं : वस्ताद गणपतराव आंदळकर

आजरा तालुक्यात भातकापणी उरकली की जत्रांचे दिवस जवळ येतात. गावाबाहेर एखाद्या मोकळ्या रानात माती उकरून मैदान तयार होतं. दुपारपासून हलगी कडाडायला लागते. आधी रेवड्या-नारळावरच्या लहान पोरांच्या कुस्त्या होतात, मग पन्नास-शंभर रुपयांच्या, आणि दिवस कलायला लागला की मोठ्या जोडी. अशाच एका मैदानाच्या कडेला मोहल्ल्यातले एक ओळखीचे गृहस्थ भेटले. सोबत त्यांचा चौदा वर्षांचा मुलगा होता. अंगानं भरलेला, कानाच्या पाळ्या नुकत्याच सुजायला लागलेल्या.

"भाई, पोरगं ऐकत नाही. कोल्हापूरला तालमीत जायचं म्हणतंय. घालू का नको?"

मी म्हटलं, घाला की. त्यात काय.

ते थोडं थांबले. मग खालच्या आवाजात म्हणाले, "खर्चाचं बघून घेईन मी. पण आत्ताचे दिवस कसे आहेत ते तुम्ही बघताच. तिथं आपल्या पोराला आपलं म्हणणारं कोण असेल का?"

हा प्रश्न मी घरी घेऊन आलो. 'काही होत नाही' असं म्हणून उडवून लावण्यासारखा तो नाही. जून २०२३ मध्ये कोल्हापुरात इंटरनेट बंद करावं लागलं होतं. जुलै २०२४ मध्ये विशाळगडाच्या पायथ्याशी गजापुरात जे घडलं ते सगळ्यांनी पाहिलं. बापाच्या मनात शंका आली तर त्यात त्याचा दोष नाही. पण या प्रश्नाला एक इतिहासही आहे. तो सांगायचा तर एका माणसाच्या आयुष्यावरून सांगणं सोपं जाईल. ते मुसलमान नव्हते. शिराळ्याकडच्या एका शेतकरी गावातून कोल्हापूरला आलेले मल्ल होते आणि पुढे वस्ताद झाले. हिंदकेसरी गणपतराव आंदळकर.

आंदळकरांचा जन्म १५ एप्रिल १९३५ चा, सांगली जिल्ह्यातल्या शिराळा तालुक्यातल्या पुनवत गावचा. १९५० च्या सुमारास ते कोल्हापूरला मोतीबाग तालमीत आले. तो काळ लक्षात घेतला पाहिजे. १ मार्च १९४९ रोजी कोल्हापूर संस्थान मुंबई प्रांतात विलीन झालं होतं. कोल्हापूरची कुस्ती तोपर्यंत दरबाराच्या आधारानं वाढली होती. राजर्षी शाहू महाराज स्वतः कुस्तीचे शौकीन होते. १९०२ साली इंग्लंडच्या दौऱ्यावर गेले असताना त्यांनी रोममधलं जुनं गोलाकार क्रीडागृह पाहिलं, आणि तसंच मैदान कोल्हापुरात कुस्तीसाठी असावं असं त्यांच्या मनानं घेतलं. खासबागचं मैदान १९१२ साली तयार झालं. मधे हौद आणि चहूबाजूंनी चढत गेलेली बैठक, त्यामुळे कुठंही बसा, कुस्ती सारखीच दिसते. त्या मैदानातली पहिली मोठी कुस्ती झाली इमामबक्ष आणि गुलाम मोहिद्दीन यांच्यात, आणि इमामबक्ष जिंकले. हे इमामबक्ष म्हणजे गामा पहिलवानांचे धाकटे भाऊ. कोल्हापूरच्या कुस्तीचं जे सर्वांत मोठं स्मारक आहे, त्याच्या मातीवर पहिली लढत दोन मुसलमान मल्लांची झाली. आपल्याकडच्या किती पोरांना हे ठाऊक आहे?

याच शाहू महाराजांनी १९०६ साली मुस्लिम मुलांच्या शिक्षणासाठी कोल्हापुरात बोर्डिंगची पायाभरणी केली. बोर्डिंगमध्ये पाटी-पुस्तकाची तालीम आणि हौदात अंगाची तालीम. 'तालीम' हा शब्दच मुळात अरबी, त्याचा अर्थ शिक्षण. मराठीनं तो उचलला आणि व्यायामशाळेला दिला. 'वस्ताद' म्हणजे आपला उस्ताद. पहिलवान, कुस्ती, जोर, खुराक हे शब्द फारसीतून आलेले, हौद अरबीतून. मल्ल, आखाडा, लंगोट हे इथल्या मातीतले. तालमीत उभं राहून कुणी दोन वाक्यं बोललं तरी त्यात दोन्हीकडचे शब्द येतात, आणि कुणाला त्याची जाणीवही नसते. ही भाषा कुणी ठरवून केली नाही. शेकडो वर्षं एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून जोर मारताना ती झाली.

तर दरबाराचा आधार सुटलेला असताना आंदळकर कोल्हापुरात आले. आता मल्लाला पोसायचं कुणी? गावोगावच्या जत्रांतल्या इनामावर, तालीम संघांच्या मदतीवर आणि घरून येणाऱ्या तांदूळ-जोंधळ्यावर पोरं दिवस काढू लागली. साखर कारखान्यांचं मानधन ही पुढची गोष्ट. भल्या पहाटे उठून जोर-बैठका, मग हौदातली लढत, स्वतःचा स्वयंपाक स्वतः, दुपारी झोप, संध्याकाळी पुन्हा मेहनत. मोतीबागेतल्या या शिस्तीतून आंदळकर वर आले.

१९५९ साली दिल्लीत हिंदकेसरीचा पहिला किताब श्रीपती खंचनाळे यांनी जिंकला. ते चिकोडी तालुक्यातल्या एकसंब्याचे, पण तयार झाले कोल्हापूरच्या शाहूपुरी तालमीत. पुढच्याच वर्षी, १९६० साली, मुंबईत खडकसिंग पंजाबी यांना हरवून आंदळकर हिंदकेसरी झाले. पहिले दोन्ही हिंदकेसरी कोल्हापूरच्या तालमींनी दिले. दरबार गेल्यावर कोल्हापूरची कुस्ती संपेल असं ज्यांना वाटत होतं, त्यांना हे उत्तर होतं.

त्या काळात पाकिस्तानातूनही मल्ल इकडे येत. सादिक पंजाबी हे नाव आजही आमच्याकडच्या म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी निघतं, ते आपल्या गावच्या मल्लाचं नाव निघावं तसंच. फाळणीला पंधरा वर्षंही झाली नव्हती. पण खासबागेत बसलेला माणूस डाव बघायचा, आणि चांगल्या डावाला टाळी मिळायची, मग तो कुणाचाही असो.

आंदळकरांची खरी परीक्षा १९६२ साली जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत झाली. तिथं हौद नव्हता, गादी होती. मातीची कुस्ती आणि गादीची कुस्ती यांत फरक मोठा. मातीत वेळेचं बंधन सैल, पाय रुतवून उभं राहता येतं, दमानं डाव शोधता येतो. गादीवर घड्याळ चालू असतं आणि गुण मोजले जातात. त्यातही एक प्रकार ग्रीको-रोमन. त्यात कमरेखाली पकड करता येत नाही आणि डावासाठी पायाचा वापरही करता येत नाही. आपल्या मातीतल्या मल्लाचं अर्धं शास्त्र पायावर उभं असतं, पट काढायचा, ढाक लावायची, टांग मारायची. ते सगळं बाजूला ठेवून नुसत्या छाती-खांद्याच्या आणि पाठीच्या बळावर लढायचं. आंदळकरांनी त्या ग्रीको-रोमन प्रकारात जड वजनगटाचं सुवर्णपदक जिंकलं आणि फ्रीस्टाइलमध्ये रौप्य. त्याच स्पर्धेत सांगली जिल्ह्यातल्याच कवठेपिरानचे मारुती माने यांनी फ्रीस्टाइलमध्ये सुवर्ण आणि ग्रीको-रोमनमध्ये रौप्य मिळवलं. दोन वर्षांनी १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकलाही आंदळकर गेले. तिथं पदक मिळालं नाही. सरकारनं त्यांना अर्जुन पुरस्कार दिला.

इथंपर्यंतची गोष्ट बहुतेकांना माहीत असते. वर्तमानपत्रांत, फलकांवर, जत्रेच्या पत्रिकांवर 'हिंदकेसरी' ही पदवी नावाआधी लागते आणि गोष्ट तिथंच थांबते. माझ्या मते त्यांच्या आयुष्याचा मोठा भाग त्यानंतर सुरू होतो.

मल्लाचं आयुष्य लहान असतं. तिशी ओलांडली की गुडघे बोलायला लागतात. पंचवीस वर्षांचा नवा गडी समोर येतो. तेव्हा मल्लापुढे वाटा थोड्याच असतात. कुणी नोकरी बघतो. हेलसिंकीच्या १९५२ च्या ऑलिंपिकमध्ये स्वतंत्र भारताला पहिलं वैयक्तिक पदक मिळवून देणारे खाशाबा जाधव पुढे पोलीस खात्यात गेले. कुणी गावाकडं जाऊन शेती बघतो. कुणी जुन्या नावावर जगतो. आंदळकर मोतीबागेतच राहिले. ज्या हौदात ते शिकले, त्याच हौदाच्या काठावर उभे राहून शिकवू लागले. हे साठच्या दशकाच्या अखेरीपासून सुरू झालं आणि २०१८ सालापर्यंत, म्हणजे जवळजवळ पन्नास वर्षं चाललं. लढले ते पंधरा-सोळा वर्षं. शिकवलं त्याच्या तिप्पट.

मोठा खेळाडू आपोआप मोठा गुरू होतो असं नाही. आमच्या आजऱ्याहून आंबोलीचा घाट उतरून खाली गेलं की मालवण लागतं. तिथं जन्मलेले रमाकांत आचरेकर प्रथम श्रेणीचा अवघा एक सामना खेळले. बाकी सगळं क्लबचं क्रिकेट. पण शिवाजी पार्कच्या मैदानावर त्यांनी सचिन तेंडुलकर, विनोद कांबळी, प्रवीण आमरे घडवले. म्हणजे शिकवणं ही वेगळी विद्या आहे. आचरेकरांना ती होती आणि खेळाडू म्हणून मोठं नाव मिळालं नव्हतं. आंदळकरांना दोन्ही मिळालं. पण दुसरी विद्या त्यांना पहिलीच्या जोरावर मिळाली नव्हती, ती वेगळी कमवावी लागली.

वस्ताद नेमकं करतो काय? बाहेरच्या माणसाला वाटतं की डाव शिकवतो. डाव तर वरच्या वर्गातली पोरंही खालच्यांना शिकवतात. वस्तादाचं मोठं काम म्हणजे जोड ठरवणं. आज या पोराला हौदात कुणाबरोबर धरायला लावायचं? त्याच्याहून कमी ताकदीच्या गड्याबरोबर सतत लढला तर शिकणार नाही. फार मोठ्या गड्याबरोबर लढला तर मोडेल, अंगानं किंवा मनानं. मैदानात कुणाशी कुस्ती धरायची, कुठलं इनाम सोडून द्यायचं, हेही वस्ताद ठरवतो. पोराला घाई असते, बापाला पैशाची गरज असते, जत्रा कमिटीला गर्दी हवी असते. या सगळ्यांना 'अजून नाही' असं सांगायची हिंमत वस्तादात लागते. कुणाच्या खांद्याचं दुखणं खरं आणि कुणाचं आळसाचं, हे ओळखावं लागतं. कुणाच्या घरून खुराकाचे पैसे यायचे बंद झालेत हे न विचारता कळावं लागतं. आणि या कामाला पगार म्हणावा असा पगार नसतो.

मराठीत आपण म्हणतो, वस्ताद एक डाव राखून ठेवतो. शिष्य उलटला तर कामी यावा म्हणून. ही म्हण गमतीत ठीक आहे. पण जो वस्ताद पन्नास वर्षं शिकवतो त्याला राखून ठेवायला काय उरतं? त्याच्याकडचं सगळं हौदात जातं. त्याचं नाव होतं ते शिष्याच्या पाठीवर माती लागली नाही म्हणून.

आंदळकरांच्या हाताखाली घडलेलं पहिलं मोठं नाव दादू चौगुले यांचं. राधानगरी तालुक्यातल्या अर्जुनवाड्याचं हे पोर मोतीबागेत आलं. १९७० आणि १९७१ असं लागोपाठ दोनदा महाराष्ट्र केसरी झालं. १९७३ साली रुस्तुम-ए-हिंद आणि महाभारत केसरी हे किताब मिळाले. एक पदवी शाहनाम्यातल्या रुस्तमच्या नावाची, दुसरी महाभारताची, आणि दोन्ही एकाच मराठी शेतकऱ्याच्या मुलाच्या खांद्यावर. १९७४ साली न्यूझीलंडमध्ये ख्राइस्टचर्चला झालेल्या राष्ट्रकुल स्पर्धेत दादूंनी जड वजनगटात रौप्यपदक जिंकलं. आणि लढण्याचे दिवस संपल्यावर तेही वस्ताद झाले. गुरूचीच वाट.

आता त्या बापाच्या प्रश्नाकडे येतो. तिथं आपल्या पोराला आपलं म्हणणारं कोण असेल का?

मघाशी श्रीपती खंचनाळे यांचं नाव आलं. देशाचे पहिले हिंदकेसरी. शाहूपुरी तालमीत त्यांना घडवणाऱ्या वस्तादांत मल्लाप्पा तडाखे, विष्णू नागराळे यांच्याबरोबर एक नाव होतं हसनबापू तांबोळी. 'बापू' ही हाक बघा. आमच्या भागात वडीलधाऱ्याला जो मान द्यायचा तो त्या एका शब्दात आहे. शाहूपुरीच्या हौदात कानडी मुलखातल्या एकसंब्याचा मुलगा उतरतो, काठावर हसनबापू उभे असतात, आणि त्यातून स्वतंत्र भारताचा पहिला हिंदकेसरी निघतो. हसनबापूंनी 'हा आपला नाही' असं म्हटलं असतं तर? किंवा त्या मुलानं 'हे आपले नाहीत' म्हटलं असतं तर?

ही झाली एक बाजू. दुसरी बाजू आंदळकरांच्या अखेरच्या वर्षांत दिसते. सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्यात खडकी नावाचं गाव आहे. तिथल्या कुस्तीवेड्या घरातला एक मुलगा कोल्हापूरला न्यू मोतीबाग तालमीत आला. नाव बाला रफिक शेख. वस्ताद होते आंदळकर. वय सत्तरीच्या पुढचं, तरी काठावर हजर. कितीतरी ऑलिंपिक होऊन गेली तरी ज्या माणसाचं नाव निघायचं, तो माणूस एका गरीब घरच्या मुसलमान पोराची पकड कुठं सैल पडते ते बघत बसलेला. पुढे बाला रफिक पुण्याच्या हनुमान आखाड्यात गणेश दांगट यांच्याकडे गेला. हनुमानाच्या नावाच्या आखाड्यात शेख आडनावाचा मल्ल, यात तालमीतल्या कुणाला काही वेगळं वाटत नाही. वेगळं वाटतं ते बाहेरच्यांना.

२०१८ हे साल बघा. १६ सप्टेंबरला आंदळकर वारले. अवघ्या नऊ दिवसांनी, २५ सप्टेंबरला, राष्ट्रपती भवनात दादू चौगुले यांना जीवनभराच्या योगदानासाठीचा ध्यानचंद पुरस्कार मिळाला. आणि डिसेंबरात जालन्याला महाराष्ट्र केसरीच्या अंतिम कुस्तीत बाला रफिक शेख माती विभागातून आला. समोर गादी विभागातून आलेला आदल्या वर्षीचा विजेता, पुण्याचा अभिजीत कटके. बऱ्याच जणांना वाटत होतं कटके पुन्हा गदा नेणार. बाला रफिकनं ११-३ अशा गुणांनी कुस्ती जिंकली. पन्नास वर्षांपूर्वीचा शिष्य आणि अगदी शेवटच्या पिढीतला शिष्य, दोघांचा मान एकाच वर्षात झाला आणि वस्ताद तो बघायला नव्हते. दादूही पुढच्या वर्षी, २० ऑक्टोबर २०१९ रोजी गेले. खंचनाळे १४ डिसेंबर २०२० ला. दोन वर्षांत ती सगळी फळी उठून गेली.

बाला रफिक हा काही एकटा नाही. दक्षिण सोलापुरातल्या बोरामणीच्या एकाच घरातले तीन सख्खे भाऊ महाराष्ट्र केसरी झाले : इस्माईल शेख १९८० साली, अप्पालाल शेख १९९२ साली आणि मुन्नालाल शेख २००२ साली. बारा वर्षांनी एक, मग दहा वर्षांनी एक. थोरल्यानं धाकट्याला हाताला धरून हौदात उतरवलं असणार, त्याशिवाय असं होत नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये मोहोळचा सिकंदर शेख महाराष्ट्र केसरी झाला. तो कोल्हापूरच्या गंगावेश तालमीत विश्वास हारुगले वस्तादांच्या हाताखाली तयार झालेला, आणि बाप बाजारात हमाली करणारा. ही नावं मी 'बघा, आपलीही माणसं' अशा फुशारकीनं सांगत नाही. यांतल्या प्रत्येकाच्या मागे एक वस्ताद आहे, एक हौद आहे आणि वर्गणी काढणारं एक गाव आहे. त्या गावात सगळ्या जातीधर्मांची माणसं आहेत, हे सांगायचं आहे.

काही जण दुसरी शंका काढतात. तालमीत बजरंगबलीची तसबीर असते, मग आपल्या पोरानं काय करायचं? हा प्रश्न नवा नाही आणि त्याचं उत्तरही नवं नाही. आखाड्यांत एकीकडून बजरंगबलीचा जयघोष आणि दुसरीकडून 'या अली' ही हाक पिढ्यान् पिढ्या ऐकू येत आली. हौदात उतरताना मातीला हात लावतात, ती ज्या जागेनं आपल्याला बळ दिलं तिची अदब असते. मनात काय म्हणायचं ते ज्याचं त्यानं ठरवायचं. कोल्हापूरच्या कितीतरी तालमींत मोहरमला पंजे बसतात आणि त्याची व्यवस्था हिंदू कार्यकर्ते बघतात. बाबूजमाल दर्ग्याच्या दारावर गणपती कोरलेला आहे. कुणाला हे धर्माच्या चौकटीत बसणारं वाटतं, कुणाला नाही. आमच्यातही यावर दोन मतं आहेत आणि मी इथं फतवा द्यायला बसलेलो नाही. इतकंच सांगतो की या तालमींनी कुणाला त्याचा धर्म सोडायला लावून मल्ल केलेलं नाही. इस्माईल इस्माईलच राहिला आणि खंचनाळे खंचनाळेच.

पण तालमीचं नुसतं गुणगान करणंही बरोबर नाही. हजार पोरं लंगोट लावतात तेव्हा एखादा गदेपर्यंत जातो. बाकीच्यांचं काय होतं हे कुणी लिहीत नाही. खुराकाचा खर्च मोठा आहे. दूध, तूप, बदाम, थंडाई हे आठवड्यातून एकदा नाही, रोज लागतं. एक गुडघा गेला की सगळं संपतं. शाळा मधेच सुटली तर पुढं हात रिकामे राहतात. आणि अंगात बळ आलं की ते वापरून घेणारेही गल्लीगल्लीत टपलेले असतात. निवडणुकीला, भांडणाला, मोर्चाला. तालमीतून मल्ल निघतात तसे दादाही निघतात. फरक पडतो तो वस्तादामुळे. चांगला वस्ताद पोराची ताकद हौदाबाहेर सांडू देत नाही. म्हणून पोराला तालमीत घालताना नाव तालमीचं बघू नये, वस्ताद बघावा.

वस्तादांचा इतिहास आपण फार कमी लिहिला आहे. खाशाबांचं नाव सगळ्यांना माहीत असतं. त्यांना हेलसिंकीला पाठवण्यासाठी राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण ठेवून ७,००० रुपये उभे केले, हेही पुष्कळांना ठाऊक आहे. पण त्यांना शिकवणारे गोविंद पुरंदरे किती जणांना आठवतात? हसनबापूंवर एखादं चार पानांचं टिपण तरी कुठं मिळतं का? गदेचा फोटो छापला जातो, हौदाच्या काठावर उभा राहिलेला माणूस फोटोत येत नाही. आमच्या मोहल्ल्यांतूनही असे कितीतरी जुने मल्ल आणि वस्ताद होऊन गेले असतील. त्यांची नातवंडं आता पुण्या-मुंबईत नोकरीला आहेत. घरात एखादी गदा, एखादा पिवळा पडलेला फेटा असेल तर विचारून ठेवा, कुणाचा, कुठल्या मैदानातला, वस्ताद कोण होते. विचारायला माणूस शिल्लक आहे तोवर विचारा. सलोखा, भाईचारा हे शब्द भाषणांत वापरून वापरून झिजले. त्याऐवजी अशी शंभर नावं गावासकट, सालासकट आपल्याकडे लिहिलेली असती, तर गजापूरनंतर बोलताना आपल्या हातात काही ठोस असतं.

त्या गृहस्थांना मी पुढच्या जुम्याला मशिदीबाहेर गाठलं. म्हटलं, तुम्ही विचारलं होतं की तिथं आपल्या पोराला आपलं म्हणणारं कोण असेल का. आधी असे लोक होते, हे मी नावानिशी सांगू शकतो. आत्ता आहेत का, हे तुम्ही स्वतः जाऊन बघा. कुठल्याही तालमीत जा, पण पहाटे जा. दुपारी गेलात तर नुसती झोपलेली पोरं दिसतील. हौदाच्या काठावर अर्धा तास बसा आणि वस्तादाकडं बघा. तो धाकट्या, नवख्या पोराकडं बघतोय का फक्त नाव झालेल्या मल्लाकडं? हरलेल्या पोराला काय बोलतो? पोरगं शाळेत जातं का हे विचारतो का? आणि मग त्याला तुमच्या मुलाचं पूर्ण नाव सांगा, आडनावासकट, आणि त्याच्या तोंडाकडं बघा. तुम्हाला तिथंच कळेल.

ते म्हणाले, "पहाटे पोहोचायचं म्हणजे आदल्या रात्रीच एसटीनं जावं लागेल."

"मग जा की. पाव्हण्याकडं मुक्काम करा."

मुलगा शेजारी उभा होता. त्यानं लगेच विचारलं, "अब्बा, लंगोट बरोबर घेऊ का?"

"आधी वस्तादांना भेटू दे," बाप म्हणाला. पण आवाजात मघाची शंका तेवढी राहिली नव्हती.